आमदारांची सांत्वनपर भेट

ज्ञानबा बंडगर यांची आमदारकी जाऊन किती वर्षं झाली हे त्यांना विचारायची सोय नव्हती. कुणी विचारलंच तर ते आधी विचारणाऱ्याकडे, मग भिंतीवरच्या स्वतःच्या फोटोकडे बघत आणि चहा मागवत. दोनदा निवडून आले, तिसऱ्यांदा पडले, चौथ्यांदा पक्षानं तिकीटच दिलं नाही. पण आपल्याकडे एकदा आमदार झालेला माणूस शेवटपर्यंत आमदारच राहतो. त्यांच्या स्वतःच्या 'सीनाकाठ' दैनिकात तर त्यांचं नाव 'मा. आमदार' असंच छापून यायचं. 'मा.' म्हणजे माननीय की माजी, हे वाचणाऱ्यानं आपापल्या मनाप्रमाणे ठरवावं.

दैनिकही आता नावापुरतंच उरलं होतं. होटगी रोडची इमारत स्वतःची, पण खालचा मजला फर्निचरवाल्याला दिलेला. वर चार टेबलं, त्यांतली दोन रिकामी. अंक थोडा छापायचा आणि बाकी पीडीएफ करून व्हॉट्सअ‍ॅपवर सोडून द्यायचा. पहिलं पान पुढाऱ्यांच्या वाढदिवसांवर चालायचं. एखाद्या आठवड्यात कुणी पुढारी जन्मलेलाच नसला की उत्कर्षाच्या जिवाला घोर लागायचा. उत्कर्षा पानं लावायची, बातम्या टाईप करायची, फोन घ्यायची. थोडक्यात, ती म्हणजेच दैनिक.

आमदार त्या सगळ्या अंकात एकच मजकूर डोळ्यांत तेल घालून वाचत, तो म्हणजे निधनवार्ता. संध्याकाळी उत्कर्षा तेवढा कागद छापून त्यांच्यापुढे ठेवायची. गावातल्या कुणाचीही निधनवार्ता फुकट छापायची, हा पहिल्या अंकापासूनचा नियम होता. लोकांना वाटायचं, केवढं मोठं मन. मन मोठं होतंच, पण डोकंही होतं. कोण गेलं हे गावाला सकाळी कळायचं आणि आमदारांना आदल्या संध्याकाळी. ऊन तापायच्या आत त्यांची गाडी त्या दारात उभी असायची. विरोधी उमेदवार पोचेपर्यंत उंबऱ्याबाहेर आमदारांच्या चपला दिसायच्या आणि बिचाऱ्याचं तोंड पडायचं. आमदार खुर्ची नाकारून खाली सतरंजीवर बसत. भाषण करत नसत. 'शेवटी काय खाल्लं हुतं म्हातारीनं?' एवढंच विचारत, आणि मग घरातली माणसं बोलू लागत. दुसऱ्या दिवशी तिसऱ्या पानावर फोटो यायचा, खाली ओळ असायची, 'मा. आमदार बंडगर यांनी कुटुंबीयांची सांत्वनपर भेट घेतली.' दोन निवडणुका त्यांनी अशा सतरंजीवर बसून जिंकल्या होत्या, असं म्हटलं तरी चालेल.

आता मतं मागायची नव्हती, तरी आमदार जायचेच. राजाबाई, त्यांच्या पत्नी, जाऊन बराच काळ लोटला होता. मुलगा बेंगळुरूला, त्याचा फोन रविवारी यायचा आणि त्यात तब्येतीपलीकडे विषय नसायचा. बंगल्यात सात खोल्या आणि एक टीव्ही. दुखवट्याच्या घरात निदान चार माणसं असायची, 'बसा' म्हणायची, समोर बसून बोलायची. एकटेपणानं माणूस काय काय करतो. कुणाच्या तरी घरी दुःख झालं की आमदारांची सकाळ मार्गी लागायची, आणि हे त्यांना स्वतःला कळत नव्हतं असंही नाही.

त्या दिवशी उत्कर्षानं कागद ठेवला आणि ती तिथंच उभी राहिली.

"साहेब, पहिली बघा. तुमच्या ओळखीतली असेल."

आमदारांनी चष्मा वर केला. 'सीनाकाठचे माजी संपादक चिंतामणी वैरागकर यांच्या पत्नी यशोदा वैरागकर यांचे वृद्धापकाळाने निधन. त्यांच्या पश्चात पती, मुलगा सुबोध, सून, नातवंडे असा परिवार आहे.'

त्यांनी ते दोनदा वाचलं. मग खिशातलं पेन काढून 'माजी' या शब्दावर आडवी रेघ मारली.

"साहेब, मग संपादक कोण? अंकावर तर तुमचं नाव असतं."

"असू दे. ह्येच लिवा," आमदार म्हणाले आणि खिडकीकडे तोंड करून बसले.

चिंतामणी वैरागकर आणि ज्ञानबा बंडगर यांनी मिळून हा पेपर काढला होता. ज्ञानबा मेंढरं राखणाऱ्या घरातला, सोलापूरला शिकायला आलेला. चिंतामणी शुक्रवार पेठेतला, शाळामास्तरांचा मुलगा. ज्ञानबाकडे आवाज होता, माणसं होती, रग होती, पण ऱ्हस्व-दीर्घाचा पत्ता नव्हता. चिंतामणीकडे भाषा होती आणि ती वाचायला कुणी नव्हतं. वैरागकरांच्या घराखालच्या खोलीत जुनं छपाईचं यंत्र बसवून दोघांनी आधी साप्ताहिक काढलं, मग दैनिक. ज्ञानबानं दुपारी बातम्या आणायच्या, चिंतामणीनं त्या मराठीत आणायच्या. व्यासपीठावर 'हाय' नाही, 'आहे' म्हणायचं, हे चिंतामणीनंच त्याला शिकवलं. 'मा.'ची युक्तीही त्याचीच. निवडणुकीत पडले तेव्हा रडकुंडीला आलेल्या आमदारांना हसवण्यासाठी त्यानं ती काढली होती.

पुढे पेपर होटगी रोडच्या इमारतीत गेला, आणि मग ते पाण्याच्या टँकरांचं प्रकरण झालं. शहराला चार-पाच दिवसांआड पाणी येत होतं आणि आमदारांच्या पुतण्याचे टँकर रोज फिरत होते. चिंतामणीनं ती बातमी नावानिशी लावली. आमदारांनी चालू यंत्र थांबवून पान उतरवायला लावलं आणि त्या जागी कुणाच्या तरी वाढदिवसाची जाहिरात टाकली. चिंतामणीनं पेनाला टोपण लावलं, छत्री घेतली आणि जिना उतरू लागला. वरून आमदार म्हणाले, "चिंतामण, राग धरू नगंस. संध्याकाळी येतो तुझ्याकडं, बोलू." त्या संध्याकाळी मुंबईहून कुणी मोठे पुढारी आले. दुसऱ्या संध्याकाळी बैठक होती. तिसऱ्या संध्याकाळी जायला लाज वाटली, आणि पुढे त्या लाजेचीच सवय होऊन गेली. चिंतामणी पुन्हा आला नाही. दोघं एकाच गावात राहिले, एकाच गावात म्हातारे झाले, पण एकमेकांशी बोलले नाहीत.

हे सगळं जुनं झालं. पण आमदारांना त्या संध्याकाळी एक गोष्ट उमगली, आणि ती बोचली. त्यांना 'आमदार', 'साहेब', 'आप्पा', 'बाबा' म्हणणारी माणसं होती. 'ज्ञानू' म्हणणारा माणूस जगात एकच उरला होता. आई गेली, मोठा भाऊ गेला, राजाबाई तर कधी नाव घेतच नव्हत्या. चिंतामणीनं एकदा, फक्त एकदा तशी हाक मारावी, एवढंच त्यांना हवं होतं. उद्याची भेट त्या हाकेसाठी होती.

सकाळी ते शुक्रवार पेठेत पोचले. गाडी बोळाच्या तोंडाशी लावून ड्रायव्हर बिरप्पा मागोमाग आला. दारात सुबोध उभा होता, केस पांढरे झालेला. लहानपणी हा 'ज्ञानूकाका' म्हणून खांद्यावर चढून बसायचा. आता त्यानं हात जोडले नाहीत, दुखवट्यात जोडतही नाहीत. "या साहेब," एवढंच म्हणाला.

आत सतरंजी होती, कोपऱ्यात दिवा तेवत होता, भिंतीला टेकून पाच-सहा नातेवाईक बसले होते. चिंतामणी दिव्याजवळ बसला होता. किती बारीक झाला होता. आमदार त्याच्यासमोर बसले. इतक्या घरांत इतक्या लोकांना जे विचारलं होतं ते त्यांच्या तोंडून बाहेर पडेना. 'शेवटी काय खाल्लं' हे परक्याला विचारता येतं. जिच्या हातचं आपण वर्षानुवर्षं खाल्लं तिच्याबद्दल कसं विचारणार?

तेवढ्यात बिरप्पानं मोबाईल वर धरला. त्याचा दोष नव्हता. सतरंजीवर बसलेले आमदार दिसले की फोटो काढायचा, हे त्याच्या अंगात मुरलेलं होतं. आमदारांनी हातानं नको नको म्हटलं, पण फोटो निघाल्याचा आवाज झाला होता. चिंतामणीनं मान वर करून मोबाईलकडे पाहिलं, मग आमदारांकडे पाहिलं आणि मान पुन्हा खाली घातली. आमदारांना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

एका नातेवाइकानं उन्हाळा यंदा लवकर आल्याचं सांगितलं. आमदार थोडा वेळ बसले आणि गुडघ्यावर हात देऊन उठले. उठताना त्यांची नजर स्वयंपाकघराच्या दाराकडे गेली, आणि तोंडातून आपसूक शब्द निघून गेले.

"वहिनी, येतो."

खालच्या खोलीत पेपर होता त्या काळात ते रोज असंच म्हणत. जेवण झालं की चपला घालता घालता स्वयंपाकघराकडे बघून 'वहिनी, येतो', आणि आतून भांड्यांच्या आवाजातून 'या' असं उत्तर यायचं. जिभेला ते ठाऊक होतं. पण दुखवट्याच्या घरातून निघताना 'येतो' म्हणायचं नसतं, हे शेंबड्या पोरालाही कळतं. असं दुःख घेऊन पुन्हा यावं लागू नये, म्हणून माणूस न सांगता उठतो आणि मागं न बघता जातो. आमदारांनी उभ्या आयुष्यात किती घरांतून तसा मुकाट काढता पाय घेतला होता. आणि जिथं चुकायला नको तिथंच चुकले, तेही गेलेल्या बाईला हाक मारून.

"असं म्हणतात का हो?" भिंतीजवळची एक म्हातारी पुटपुटली. सुबोधचा चेहरा कडक झाला होता. चिंतामणीनं मान वर केली नाही. आमदार चपला पायात घालून बोळात आले, आणि डाव्या पायातली चपल उजव्यात गेल्याचं त्यांना गाडीपाशी कळलं.

गाडी सुरू करून बिरप्पा हळूच म्हणाला, "साहेब, तितं येतो म्हणत न्हाईत की."

"म्हाईत हाय मला."

"न्हाई, म्हटलं तुमी कधी चुकत न्हाई, म्हून."

"गाडी बघून चालव," आमदार म्हणाले.

ते कचेरीत गेले नाहीत. दुपारभर बंगल्यातल्या पुढच्या खोलीत बसून राहिले. पंखा गरम वारा फेकत होता. उत्कर्षाचा फोन आला, सांत्वनपर भेटीचा फोटो तिसऱ्या पानावर घेऊ ना, म्हणून. "फोटो न्हाई. बातमी न्हाई. काही न्हाई," असं सांगून त्यांनी फोन ठेवला. मग बराच वेळ मनाशी झुंजून सुबोधला लावला.

"सुबोध, सकाळी माझ्या तोंडून भलतंच गेलं. माप कर बाबा."

"असू द्या साहेब," सुबोध सभ्यपणे म्हणाला. "वयानं होतं. तुम्ही मनाला लावून घेऊ नका. आणि आता परत येण्याची तसदी घेऊ नका. आलात, भेटलात, पोचलं सगळं."

आमदारांनी राजकारणात हयात घालवली होती. दार किती गोड बोलून लावता येतं हे त्यांना चांगलं कळत होतं. त्यांनी स्वतः अशी किती दारं लावली होती.

संध्याकाळी त्यांच्या मनात एक विचार आला आणि तो काही केल्या जाईना. आपली निधनवार्ता उत्कर्षा कशी लावेल? 'त्यांच्या पश्चात एक मुलगा, सून' इथपर्यंत ठीक. फोटो मोठा, विधानसभेतला. पुढारी येतील, सतरंजीवर बसतील, त्यांचेही बिरप्पा मोबाईल धरतील. पण ज्ञानू गेला असं कोण म्हणणार? आमदार गेले, असंच सगळे म्हणतील. त्यांना रडू आलं. बंगल्यात कुणी नव्हतं, त्यामुळे त्यांनी ते आवरलं नाही.

सांत्वनाला दुसऱ्यांदा जायचा रिवाज नसतो. एकदा जायचं, तोंड दाखवायचं, संपलं. पुन्हा गेलं तर घरातली माणसं गोंधळतात, याला आता काय हवंय म्हणून बघत राहतात. शिवाय सुबोधनं सांगितलंच होतं. तरी दुसऱ्या दिवशी सकाळी आमदारांनी बिरप्पाला सुट्टी दिली आणि रिक्षा करून शुक्रवार पेठेत उतरले. रिक्षावाल्यानं त्यांना ओळखलं नाही. एरवी त्यांना ते लागलं असतं.

दारात सुबोधच होता. "साहेब, अहो, कालच तर..."

"चिंतामणला भेटायचंय," आमदार म्हणाले. "हितंच हुबा ऱ्हातो. त्यो न्हाई म्हणाला तर जातो."

आतून आवाज आला. म्हातारा झालेला, पण शब्द तोडून बोलणारा, तोच आवाज. "सुबोध, येऊ दे."

खोलीत आज दोघं-तिघंच होते, तेही आत निघून गेले. आमदार सतरंजीवर बसले, कालच्याच जागी.

चिंतामणीनं बराच वेळ त्यांच्याकडे पाहिलं. "पेपर वाचला," तो म्हणाला. "माझ्या नावाआधीचं 'माजी' छापायचं राहिलंय."

"राह्यलं न्हाई. काढलं."

"हं," चिंतामणी म्हणाला. थोड्या वेळानं त्यानं विचारलं, "कशाला आलास?"

इथं खूप काही बोलता आलं असतं. टँकर, उतरवलेलं पान, न गेलेली ती संध्याकाळ. आमदारांनी रिक्षात ते सगळं जुळवून आणलं होतं, चांगल्या भाषेत, 'आहे' वगैरे घालून. त्यातलं काही आठवलं नाही.

"काल येतो म्हणालो हुतो," ते म्हणाले. "म्हून आलो."

चिंतामणीच्या तोंडावर थोडंसं हसू आलं. ते हसू टिकलं नाही. डोळे भरून आले आणि त्यानं ते उपरण्यानं पुसले.

"लोकांनी तुला दोनदा निवडून दिलं. येतो म्हणालास आणि खरंच आलास, असं हे पहिल्यांदाच."

"व्हय," आमदार म्हणाले.

दोघं बसून राहिले. दिव्यात तेल कमी झालं होतं, चिंतामणीनं ते घातलं. थोडं जमिनीवर सांडलं, आमदारांनी बोटानं पुसून घेतलं. बोळातून कुणीतरी भंगाराची गाडी ढकलत ओरडत गेला. आमदारांना वाटलं, आता उठावं. पण उठून जायचं कसं, काय म्हणून, हे त्यांना कळेना. काही न म्हणता गेलो तर कायमचा गेलो, आणि म्हटलं तर पुन्हा कालच्यासारखं होणार. अडकल्यासारखे ते बसून राहिले.

चिंतामणीनं आतल्या दाराकडे बघून आवाज बारीक केला.

"उद्या-परवा येऊ नकोस. सध्या घरात माणसं आहेत, मला कुणी क्षणभर एकटं सोडत नाही. तेरावा झाला की सुबोध पुण्याला जाईल, बाकीचेही आपापल्या वाटेनं जातील." तो थांबला. "तेव्हा ये, ज्ञानू."